चार महिने पुतळा पत्र्याआड होता, त्यावरून: बागेत पुतळा हवा की नको?

फेरफटका

मी रोज संध्याकाळी ज्या बागेत चालायला जाते, तिथला मधला पुतळा चार महिने पत्र्याआड होता. दुरुस्ती चालू होती. गेल्या आठवड्यात पत्रे निघाले. मधल्या काळात जे दिसलं ते डोक्यातून जाईना, म्हणून धागा काढतेय.

पुतळा कोणाचा ते मुद्दाम सांगत नाही. नाव घेतलं की सगळी चर्चा त्या माणसाच्या मागे धावेल आणि बाग राहील बाजूला. ब्रॉंझचा आहे, उभा आहे, एक हात किंचित पुढे, खाली तीन पायऱ्यांचा गोल दगडी चौथरा. चार पुतळ्यांसारखा पुतळा.

पत्रे लागले त्याच्या दुसऱ्याच दिवशी एक बाई फोनवर ओरडत होत्या, "अगं, मी पत्र्यापाशीच उभी आहे!" पलीकडची मैत्रीणही पत्र्यापाशीच होती, फक्त मागच्या बाजूला. मग दोघी एकमेकींना शोधत एकाच दिशेने गोल फिरायला लागल्या. त्या काही भेटेनात. शेवटी मीच एकीला थांबवलं.

हे गमतीचं झालं. पण एक आजोबा आहेत, ते पुतळ्याच्या सावलीत बसतात. सावली ती केवढी, एका माणसापुरती. ती सरकली की हेही सरकतात. साडेचारला एका जागी असतात, साडेपाचला त्याच पायरीवर दोन हात पलीकडे. मी कितीदा तरी घड्याळ न बघता त्यांच्यावरून वेळ ओळखली आहे. चार महिने ते दिसले नाहीत. झाडाखाली बसायला काय हरकत होती? सावली तिथे कितीतरी जास्त होती. पण नाही आले. तीन पायऱ्यांवर चढ-उतार करत चालायला शिकणारी बाळंही दिसेनाशी झाली. समोरचे दोन बाक ओस पडले, कारण पत्र्याकडे तोंड करून कोण बसणार?

पुतळ्याकडे मान वर करून कोणी बघत नाही, पाटी कोणी वाचत नाही, हे मलाही मान्य. तरी बागेचं रोजचं सगळं त्याच्या आधारानेच चाललेलं असतं. "बागेत पुतळे कशाला हवेत, ती जागा मोकळी करा" असं म्हणणाऱ्यांनी एकदा पत्रे लावून बघावेत. तुम्हाला काय वाटतं?

तिरकी रेघ

ताई, छान लिहिलंय, पण तुम्ही पुतळ्याचं वर्णन केलेलंच नाही. पायऱ्यांचं केलंय.

बाळं पायऱ्यांवर चढतात, आजोबा पायरीवर बसतात, मैत्रिणी मधल्या ठळक जागी भेटतात. यात त्या ब्रॉंझच्या माणसाचं काम काय? तिथे एखादं मोठं झाड असतं आणि त्याला गोल पार असता, तर हे सगळं झालंच असतं, वर सावली एकाऐवजी तीस जणांना मिळाली असती.

माझा आक्षेप वेगळाच आहे. पुतळ्याला तोंड असतं, म्हणून पाठही असते. झाडाला नसते, कारंज्याला नसते. पुतळा आला की बागेला दर्शनी बाजू आणि मागची बाजू पडते. बाक समोर, फुलांचा ताटवा समोर, दिवे समोर. मागे उरतं ते काय? पाण्याचा पंप, कुंड्यांचा ढीग आणि काळोख. मी जागांचे आराखडे काढण्याच्याच धंद्यात आहे. मध्ये पुतळा असलेली बाग हाताशी आली की निम्मी जागा आधीच हातची गेलेली असते.

आणि ती मधली जागा बागेतली सगळ्यात महत्त्वाची. ती कायमची एका माणसाला दिली, तेही रोज तिथे येणाऱ्यांना न विचारता.

खुट्ट

पुतळ्याची मागची बाजू मेलेली असते म्हणणाऱ्यांनी वयाच्या एकोणिसाव्या वर्षी काय केलं मग?

ओतकाम

दोघांशीही थोडा असहमत. मी धातूचे पुतळे दुरुस्त करण्याचं काम करतो (ताईंच्या बागेतला मी केलेला नाही, आधीच सांगतो).

पुतळ्याकडे कोणी बघत नाही हे खरं असेल, पण हात लावत नाही हे खोटं. ब्रॉंझ म्हणजे तांबं आणि थोडं कथील. उघड्यावर राहिलं की त्यावर काळपट-हिरवा थर चढतो. जिथे रोज हात लागतो तिथला थर घासून जातो आणि खालचा पिवळा धातू चमकायला लागतो. त्यामुळे बागेतल्या कुठल्याही पुतळ्यापाशी गेलो की मी चेहरा नंतर बघतो, आधी कुठे चमकतोय ते बघतो. लोक त्याचं काय करतात ते तिथे लिहिलेलं असतं.

ऑस्लोच्या फ्रोग्नर पार्कमध्ये गुस्ताव व्हिगेलांडची दोनशेहून जास्त शिल्पं आहेत. त्यांत पाय आपटून रडणारं एक छोटं पोर आहे. सगळं अंग काळपट आणि डावी मूठ सोन्यासारखी, कारण येणारा-जाणारा ती धरतो. लंडनच्या केन्सिंग्टन गार्डन्समध्ये पीटर पॅनचा १९१२ सालचा पुतळा आहे. वरच्या पोरापेक्षा खालच्या बुंध्यावरचे ससे, खारी आणि उंदीर जास्त गुळगुळीत, कारण लहान मुलांचा हात तिथवरच पोचतो.

म्हणून तिरकी रेघ, नुसत्या पायऱ्या आणि पुतळा यांत फरक आहे. पायरीवर माणूस बसतो. सशाचा कान तो धरतो. धरावंसं वाटणं ही वेगळीच गोष्ट आहे.

ताई, तुमच्या पुतळ्याचं काय चमकतं ते बघून सांगा.

दोन पिल्लांची आई

ओतकाम यांना शंभर टक्के अनुमोदन, आणि यात सगळ्यात महत्त्वाची गोष्ट उंची! न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये अ‍ॅलिसचा १९५९ सालचा पुतळा आहे, कुकुरमुत्त्यावर बसलेली अ‍ॅलिस, बाजूला ससा, वेडा टोपीवाला. तो मुलांनी वर चढावं म्हणूनच बसवलेला. हजारो गुडघ्यांनी घासून घासून त्याचे कंगोरे बोथट झालेत. त्याच बागेत बाल्टो नावाच्या कुत्र्याचा पुतळा आहे. अलास्कातल्या नोमला घटसर्पावरचं औषध पोचवणाऱ्या स्लेजच्या शेवटच्या टप्प्यात तो पुढे होता. पुतळा त्याच वर्षी, १९२५ मध्ये, उभा राहिला आणि उद्घाटनाला कुत्रा स्वतः हजर होता! मुलं त्याच्या पाठीवर बसतात.

आता आमच्या घराजवळच्या बागेतला पुतळा. चौथराच दोन पुरुष उंच. माझ्या धाकट्याला त्यातलं दिसतं काय, तर दगड आणि दगडाला लावलेली पाटी. त्याच्या दृष्टीने तो पुतळा नाहीच, ती भिंत आहे. त्याच्याभोवती फिरून तो येतो आणि विचारतो, "याचं दार कुठंय?"

पाटीकोरी

दारावर फिस्सकन हसलो.

ओतकाम, त्या पीटर पॅनची पुढची गोष्टही सांगा ना. जे. एम. बॅरी यांनी तो रातोरात बसवून घेतला होता. १ मे १९१२ ला मुलं सकाळी बागेत आली तर पुतळा हजर. लेखकाने स्वतःच्याच पात्राची सार्वजनिक बागेत अशी जाहिरात करावी का, यावर पुढे ब्रिटिश संसदेत प्रश्न विचारला गेला. म्हणजे "लोकांना न विचारता" हा तिरकी रेघ यांचा मुद्दा शंभर वर्षांपूर्वीचा आहे, आणि आज तो पुतळा काढायचा म्हटलं तर तेच लोक आडवे पडतील.

तिरकी रेघ

यालाच मी सवय म्हणतो. सवय झाली म्हणजे संमती दिली असं नाही होत. दारात मोटार लावून ठेवली तरी महिन्याभराने लोक तिला वळसा घालून जायला शिकतात.

न्यूयॉर्कमध्येच फेडरल प्लाझावर १९८१ मध्ये रिचर्ड सेरा यांची 'टिल्टेड आर्क' उभी राहिली. १२० फूट लांब आणि १२ फूट उंच, किंचित कललेली पोलादी भिंत. आजूबाजूच्या कचेऱ्यांतली माणसं आधी तो चौक सरळ ओलांडून जायची, आता वळसा घालून जाऊ लागली. बसण्याची, जेवणाच्या सुट्टीत टेकण्याची जागा दुभंगली. शेवटी १९८९ च्या मार्चमध्ये रात्रीतून ती कापून उचलून नेली. कलाकाराचं म्हणणं होतं की ही कलाकृती याच जागेसाठी आहे, हलवली म्हणजे मेली. बरोबरच आहे. पण जागा कोणाची होती?

पाटीकोरी

अर्धी गोष्ट सांगू नका हो. १९८५ च्या जाहीर सुनावणीत बोललेल्या १८० पैकी १२२ लोक ती राहावी म्हणणारे होते. काढावी म्हणणारे ५८.

तिरकी रेघ

आणि त्या १२२ मधले किती जण रोज तो चौक ओलांडत होते? कलावंत, संग्रहालयांतली माणसं त्यांच्यात भरपूर होती. हाच तर सगळा घोळ आहे. पुतळ्याबद्दल बोलायला येणारा वेगळा आणि पुतळ्याभोवतीचा वळसा रोज घालणारा वेगळा.

ओतकाम

पोलादी भिंत आणि तीन पायऱ्यांवरचा माणूस यांची तुलना म्हणजे जरा जास्तच होतंय. पण शेवटचं वाक्य मान्य.

फेरफटका

ओतकाम, आज मुद्दाम जवळ जाऊन बघितलं. आणि वाईट वाटलं.

पूर्वी डाव्या बुटाचं टोक चमकायचं. उंची अशी की वरच्या पायरीवर उभं राहिलं की हात तिथेच पडतो. मीही फेरी संपवून दम खाताना तिथेच हात टेकत असे, हे आज कळलं, कारण हात आपोआप गेला. पण दुरुस्तीत त्यांनी सगळ्या अंगाला एकच गडद तपकिरी रंग आणून वर मेण लावलंय. बुटाचं टोक बाकीच्यासारखंच काळसर. इतक्या वर्षांचे हात एका दुरुस्तीत गेले.

दगडाला मात्र त्यांनी हात लावलेला नाही. वरच्या पायरीची एक कड, साधारण वीतभर लांब, पार गुळगुळीत आहे. बराच वेळ कळेना कशाने. मग एक धावणारा मुलगा आला, टाच खाली सोडून त्या कडेवर चवडा टेकवला आणि पोटऱ्या ताणायला लागला. त्याच्या मागे आणखी एक जण थांबला होता, त्याच कडेसाठी! बाकीची अख्खी गोल पायरी रिकामी.

ओतकाम

हाहा, हे सगळीकडे होतं. एकाच्या बुटाने गुळगुळीत झालं की दुसराही तिथेच पाय ठेवतो.

मेणाबद्दल दुरुस्तीवाल्यांची बाजू घेतो. मेण नसेल तर पावसाचं पाणी आणि पक्ष्यांच्या विष्ठेतलं आम्ल धातू खात जातं. ब्रॉंझचा पुतळा आतून पोकळ असतो. पाणी आत शिरून साठलं तर आतली लोखंडी चौकट गंजते आणि गंज फुगून बाहेरच्या कवचाला तडा जातो. खाली पाणी निघायला बारीक भोकं ठेवतात, तीच पुष्कळदा बुजलेली सापडतात. तुमचे चार महिने बहुधा यातच गेले असणार. चमक हवी आणि झीज नको, असं नाही होत. बुटाचं टोक परत चमकेल, हात टेकत राहा.

सकाळचा गडी

मी बागखात्यात होतो, आता घरी बसलोय. तुम्ही लोक फार वरून बघता. मी खालून सांगतो.

पुतळ्याला रोज लागतं काय, तर एक बादली, एक ब्रश आणि शिडी धरायला दुसरा माणूस. तो दुसरा माणूस नेमका नसतो. म्हणून पुतळा धुवायचा राहतो, आणि मग वर्षातून एका दिवसासाठी सगळे धावतात. त्या दिवशी जेवढं पाणी पुतळ्यावर पडतं तेवढं उरलेल्या वर्षात ताटव्याला मिळत नाही.

कुंपण का येतं, ते ऐका. लोकांना वाटतं पुतळ्याचा मान राखायला. तसं नसतं. कोणीतरी फोटो काढताना पायरीवरून घसरतं, तक्रार येते, आणि तक्रारीवर "काय कारवाई केली" हा रकाना भरावा लागतो. रेलिंग लावलं की तो रकाना भरतो. माझ्या नोकरीत मी तीन रेलिंगं लागलेली बघितली. एकही पुतळ्यासाठी लागलं नाही. आणि लागलेलं रेलिंग काढणारा अर्ज मी पाहिलेला नाही, कारण काढून कुठलाच रकाना भरत नाही.

कबुतरांचं मात्र काही करता आलं नाही. खिळे लावले, जाळी लावली. कबुतरं जाळीवर बसायला लागली.

पाटीकोरी

गडीसाहेब, कबुतरांवर उपाय आहे, फक्त परवडणारा नाही. जपानमध्ये कानाझावाच्या केनरोकुएन बागेत यामातो ताकेरू या पुराणपुरुषाचा ब्रॉंझचा पुतळा आहे. त्यावर कबुतरं बसत नाहीत हे युकिओ हिरोसे नावाच्या शास्त्रज्ञाच्या लक्षात आलं. त्यांनी तपासलं तर धातूत आर्सेनिक बरंच निघालं. या शोधाला २००३ मध्ये रसायनशास्त्राचं इग नोबेल मिळालं, म्हणजे आधी हसू आणतं आणि मग विचार करायला लावतं ते.

दोन पिल्लांची आई

आर्सेनिक!! आणि इथे सगळे पुतळ्याला हात लावायला सांगताहेत.

खुट्ट

ग्लासगोला वेलिंग्टनच्या घोड्यावरच्या पुतळ्याच्या डोक्यावर लोक वर्षानुवर्षं रस्त्यावरचा नारिंगी शंकू चढवतात. २०१३ मध्ये तिथल्या पालिकेने ६५,००० पौंड खर्चून चौथरा उंच करायचा घाट घातला, म्हणजे कोणी चढणार नाही. लोक इतके भडकले की बेत गुंडाळावा लागला. शंकू जागेवर.

गडीसाहेब, हा तुमचा रकाना.

दोन पिल्लांची आई

थट्टा पुरे, एक खरोखरचं विचारायचंय. हात लावणं म्हणजे जिव्हाळा, असं सगळ्यांनी धरून चाललंय. डब्लिनमध्ये मॉली मलोनचा पुतळा आहे, १९८८ सालचा. बागेत नाही, रस्त्यालगत आहे, पण मुद्दा तोच. ओतकाम यांच्या नियमाने बघायला गेलं तर तिची छाती चमकते. कारण पर्यटक तिथेच हात ठेवून फोटो काढतात. २०२५ मध्ये पालिकेला तिच्याजवळ काही दिवस माणसं उभी करावी लागली, लोकांना समजावून परतवायला. हेही "लोकांनी पुतळा आपलासा केला" यातच मोजायचं का?

शिवाय बागेतल्या पुतळ्यांत बाया असतात त्या कोण? माझ्या मुलीने एका कारंज्यापाशी विचारलं, ही कोण? मी पाटी शोधली. पाटी नव्हती. पुरुषांना नाव आणि तारखा असतात, बायकांना घागर असते. सेंट्रल पार्कमध्ये अ‍ॅलिस १९५९ पासून बसलीय, पण खरोखर होऊन गेलेल्या बायकांचा पहिला पुतळा तिथे आला तो ऑगस्ट २०२० मध्ये: सोजर्नर ट्रूथ, सुझन अँथनी आणि एलिझाबेथ केडी स्टँटन.

मी पुतळ्यांच्या विरोधात नाही. पण रोज ज्याच्या पायाशी मूल खेळतं तो कोण आहे, याने काहीच फरक पडत नाही असं ताई म्हणतात, ते मला पटत नाही. मूल पाटी वाचत नाही, पण घागरवाली आणि घोड्यावरचा यांतला फरक त्याला कळतो.

फेरफटका

हे बरोबर आहे. मी नाव मुद्दाम टाळलं, ते माझ्या सोयीचं होतं.

आणि स्पर्शाबद्दलही मी भाबडेपणाने लिहिलं. बुटाच्या टोकाचं मला गोड वाटलं, कारण तो बूट होता.

ओतकाम

मॉली मलोनबद्दल काही बोलायला जागाच नाही. आमच्या धंद्यात अशा जागेला "घासलेली" म्हणतात आणि रंग लावून पुढे जातात. परत घासली जाते. त्यावर धातूत उपाय नाही.

तिरकी रेघ

मी सोडून सगळेच माझ्या बाजूने बोलायला लागले की काय? रेलिंग, पाठ, घागर. मग पुतळा हवाच कशाला?

फेरफटका

नाही, तिथे मी अजून ठाम आहे. तुम्ही म्हणालात हे सगळं पायऱ्यांचं आहे. आमच्या बागेतच त्याचा पडताळा आहे, तुमच्या उत्तरानंतर लक्षात आलं. दुसऱ्या टोकाला अगदी तसाच गोल चौथरा आहे, तोच दगड, उलट चार पायऱ्या, वर काहीच नाही. कधी काळी कारंजं होतं म्हणतात. झाडाची सावलीही आहे. मी तीन संध्याकाळी तिथे जाऊन बघितलं. लोक बसतात, नाही असं नाही. पण एकेकटे, बाहेर तोंड करून, फोन बघत. "चौथऱ्यापाशी भेटू" असं कोणी म्हणताना ऐकलं नाही. आणि एकही बाळ तिथे चढत नाही.

तिरकी रेघ

तीन संध्याकाळी म्हणजे पुरावा नाही, पण चांगलं केलंत, बहुतेक लोक तेवढंही करत नाहीत.

माझा प्रश्न: वाटा कुठे जातात? पुतळ्यापाशी चार वाटा येऊन मिळत असतील आणि त्या चौथऱ्याकडे एकच. माणूस जिथून जातो तिथेच थांबतो. पुतळा उचलून तिकडे ठेवा आणि मग बघा लोक कुठे भेटतात.

तरीही एक गोष्ट कबूल करतो, कारण माझ्याच क्षेत्रातली आहे. विल्यम व्हाइट यांनी १९७० च्या दशकात न्यूयॉर्कच्या चौकांवर कॅमेरे लावून लोक कुठे बसतात, कुठे थांबतात ते तासन्‌तास टिपलं. त्यांना दिसलं की दोन अनोळखी माणसं आपसूक बोलत नाहीत, पण बघण्याजोगी तिसरी गोष्ट मध्ये असली की बोलतात. मग ती गोष्ट शिल्प असो, वाजवणारा असो, नाहीतर नुसता विचित्र प्रकार असो. त्याला त्यांनी त्रिकोणी जुळणी अशा अर्थाचा शब्द वापरला. म्हणजे मध्ये "काहीतरी" हवं, हे मान्य. ते काहीतरी कायमचं, ब्रॉंझचं आणि मेलेल्या माणसाचंच असावं, हे अमान्य.

लंडनच्या ट्रॅफल्गर चौकातला चौथा चौथरा घ्या. १८४१ मध्ये बांधला, वर चौथ्या विल्यमचा घोड्यावरचा पुतळा यायचा होता, पैसे जमले नाहीत. दीडशे वर्षं रिकामा. आता त्यावर ठरावीक काळाने नवी कलाकृती येते आणि जाते. २००९ मध्ये तर अँटनी गोर्मली यांनी २,४०० सामान्य माणसांना त्यावर एकेक तास उभं केलं, शंभर दिवस, रात्रंदिवस. बागेत असं करा की.

पाटीकोरी

आणि भेटायचं कुठे? २०१३ मध्ये त्याच चौथऱ्यावर भलामोठा निळा कोंबडा होता. आता सांगायचं, "पूर्वी निळा कोंबडा होता ना, तिथे ये"? ज्याने कोंबडा पाहिला नाही तो तिथेच हरवला.

तरी गंमत म्हणजे असं होतंसुद्धा. मुंबईचा काळा घोडा. सातव्या एडवर्डचा, तो युवराज असतानाचा, घोड्यावरचा पुतळा १८७९ मध्ये बसला. लोकांनी राजाला विसरून जागेला घोड्याचं नाव दिलं. १९६५ मध्ये पुतळा काढून राणीच्या बागेत नेला. २०१७ मध्ये नवा घोडा आला, तोही स्वाराविना. मधली पन्नासेक वर्षं तिथे घोडाच नव्हता, तरी माणसं काळ्या घोड्यापाशीच भेटत होती.

म्हणून तुमच्या "कायमची एका माणसाला दिली" या वाक्याला माझी हरकत आहे. दिली होती राजाला. लोकांनी ती परस्पर घोड्याच्या नावे केली.

तिरकी रेघ

हे उदाहरण तुम्ही माझ्या बाजूने दिलंत की विरुद्ध, हे ठरवायला मला उद्यापर्यंत वेळ लागेल. पुतळा नसतानाही चाललं ना पन्नास वर्षं?

पाटीकोरी

आधी शहाऐंशी वर्षं होता म्हणून चाललं!

सकाळचा गडी

माणूस लावा, पुतळा कुठलाही असो. हवानाच्या एका बागेत जॉन लेननचा पुतळा आहे, २००० सालचा, बाकावर पाय टाकून बसलेला. चष्मा सारखा चोरीला जायचा. शेवटी तिथे एक राखणदार ठेवला. तो चष्मा खिशात ठेवायचा, कोणी बघायला आलं की पुतळ्याच्या नाकावर चढवायचा, लोक गेले की परत खिशात. रेलिंग नाही, पत्रा नाही. माझ्या नोकरीत असं कोणाला सुचलं असतं तर पहिला प्रश्न आला असता, चष्म्याची नोंद कुठल्या वहीत?

फेरफटका

आजचं सांगते. आजोबा परत आलेत. खालच्या पायरीवर, नेहमीच्या जागी. मी धीर करून विचारलं, झाडाखाली का नाही बसलात इतके दिवस? म्हणाले, "झाडाखाली वेळ कळत नाही."

पण फाटकाशेजारी हिरव्या रंगाचे लोखंडी गज बांधून ठेवलेत. पहारेकऱ्याला विचारलं. पुतळ्याभोवती रेलिंग येणार म्हणाला, पायऱ्यांच्या बाहेरून, सोमवारपासून काम. कोणी पडलंबिडलं होतं का विचारलं तर म्हणाला, "दुरुस्तीच्या बिलातच आहे ते."

तिरकी रेघ

पायऱ्यांच्या बाहेरून?? म्हणजे बसायची सगळी जागा आत गेली आणि बाहेरून बघायला उरला नुसता पुतळा. दोन्ही बाजूंचा तोटा.

ताई, अर्ज मी लिहितो, आराखडा काढून जोडतो. पुतळ्याबद्दलचं मत तेच आहे.

सकाळचा गडी

अर्जात "रेलिंग नको" लिहू नका. नको म्हटलं की जबाबदारी कोणाची हा प्रश्न येतो आणि अर्ज पडून राहतो. लिहा की रेलिंग वरच्या पायरीच्या आत, पुतळ्याच्या बुडाशी घ्यावं, उंची गुडघ्याएवढी. बिल तेवढंच राहील, गज उरतील, रकानाही भरेल. आणि अर्ज शुक्रवारच्या आत, समक्ष, पोच घेऊन.

ओतकाम

बुडाशी घेतलं तर बुटापर्यंत हात पोचेल ना? गजांतलं अंतर किती ते विचारून घ्या. आणि पाणी निघायची भोकं झाकू नका म्हणावं.

खुट्ट

मागच्या बाजूला जरा कमी उजेड ठेवा असंही घाला अर्जात.